मागे वळलेले पंख आणि विमानाचे स्थैर्य

वाटीच्या तळाशी ठेवलेली गोटी बोटाने ढकलली तर ती थोडी हेलकावून पुन्हा तळाशी येते. वाटी पालथी घालून गोटी तिच्या पाठीवर ठेवली, तर एकदा घरंगळली की परतायचे नाव घेत नाही. विमानाचे स्थैर्य ते हेच. मात्र गोटी परत येते एवढ्याने वैमानिकाचे समाधान होत नाही. तिचे हेलकावे विरतात की वाढत जातात, हे त्याला आधी कळावे लागते.

मागे वळलेल्या पंखांच्या बाबतीत हा प्रश्न जिवावरचा ठरला. पंख मागे वळवले असता ध्वनिवेगाजवळ होणारा हवेचा प्रचंड विरोध लांबणीवर पडतो, ही कल्पना जर्मन शास्त्रज्ञ आडोल्फ बूझेमान याने १९३५ साली रोमच्या परिषदेत मांडली. परंतु अशा पंखावरून हवा टोकांकडे सरकते, आणि वेग मंदावला म्हणजे उचल प्रथम टोकांपाशी ढासळते. टोके तर गुरुत्वमध्याच्या मागे! मागचा आधार गेलेले विमान मग नाक वर करून उसळते.

इंग्लंडात डी हॅविलंड कंपनीने बांधलेल्या १०८ क्रमांकाच्या विमानाला शेपटीचे आडवे पंखही नव्हते. वातबोगद्यातील नमुन्यांवरून त्याच्या मंद वेगातील वर्तनाविषयी भाकीत निघाले ते अशुभच. म्हणून पहिल्या विमानाच्या पंखांना पुढून पट्ट्या बसवल्या, टोकांशी गिरकी थांबवणाऱ्या छत्र्या ठेवल्या. १५ मे १९४६ रोजी ते उडाले, आणि पाहतात तो विशेष त्रास नाही!

उड्डाणातील मोजणी दिसावयास साधी असते. विमानात वजने मागे-पुढे ठेवून गुरुत्वमध्य हलवावयाचा, आणि निरनिराळ्या वेगांस समतोल राखण्यासाठी दांडा किती सरकवावा लागतो ते टिपावयाचे. गुरुत्वमध्य मागे नेऊ लागले की ही सरक घटत जाते. ती शून्य होते तेथे स्थैर्याची सीमा. हेलकाव्यांसाठी दांड्याला क्षणभर धक्का देऊन ते निम्मे व्हावयास किती वेळ लागतो ते मोजतात.

दुसरे विमान वेगासाठी होते. २७ सप्टेंबर १९४६ रोजी कंपनीच्या संस्थापकाचा पुत्र जेफ्री डी हॅविलंड ते घेऊन थेम्सच्या मुखावर गेला. ध्वनिवेगाच्या सुमारे नऊ-दशांशाला विमानाचे तुकडे झाले. तो वाचला नाही. नाक वर-खाली आपटू लागणे, हा दोष कोणाच्या हिशेबातच नव्हता. हिशेब तरी कोठून व्हावा? त्या काळच्या वातबोगद्यांत ध्वनिवेगाजवळ हवा तुंबे व मापे बिघडत.

पुढे एरिक ब्राउन या वैमानिकाने वेग पायरीपायरीने वाढवत तेच हेलकावे गाठले. दांडा व इंजिनाचा जोर दोन्ही हलकेच मागे घेताच ते थांबले. तिसऱ्या विमानातून जॉन डेरीने सप्टेंबर १९४८ मध्ये सूर मारून ध्वनिवेग ओलांडला. १५ फेब्रुवारी १९५० रोजी तेही कोसळले. आणि १ मे १९५० रोजी, मंद वेगाच्या चाचणीत उचल ढासळून गिरकीत सापडले ते पहिलेच विमान, ज्याच्याविषयी बोगद्याने चार वर्षांपूर्वी बजावले होते.