स्वेन क्रामर : दहा हजार मीटरची एक शर्यत
(वार्षिक बक्षीस समारंभात केलेले भाषण)



बक्षीस समारंभाच्या दिवशी पाहुण्याने एखाद्या यशस्वी माणसाची गोष्ट सांगावी, अशी आपल्याकडे रीत आहे. ती रीत मी मोडणार नाही. ज्याच्याविषयी बोलणार आहे तो गृहस्थ नऊ वेळा जगज्जेता झाला, दहा वेळा युरोपचा विजेता झाला आणि ऑलिंपिकमध्ये त्याने चार सुवर्णपदकांसह नऊ पदके मिळवली. परंतु माझे लक्ष अधिक वेधून घेतले ते त्याच्या हातून गेलेल्या एका शर्यतीने. हातून गेली असे तरी कसे म्हणावे? ती शर्यत सर्वांत कमी वेळात त्यानेच पूर्ण केली होती.

त्याचे नाव स्वेन क्रामर. नेदरलँड्सचा, म्हणजे आपण सवयीने ज्याला हॉलंड म्हणतो त्या देशाचा. खेळ बर्फावरच्या वेगवान स्केटिंगचा.

आता बर्फ म्हटला की आपल्यापैकी बहुतेकांना गोळेवाल्याची गाडी आठवेल, किंवा बंदरावर मासळीसाठी येणारी बर्फाची लादी. त्या बर्फावरून माणसे शर्यती लावतात हे पटायला थोडे जडच. पण हॉलंड हा सखल आणि कालव्यांचा देश आहे. कडक हिवाळ्यात हे कालवे गोठले की तेच रस्ते होत. लहान मुले घरातली लाकडी खुर्ची बर्फावर आणतात, तिच्या पाठीला धरून ती पुढे ढकलत ढकलत तोल सांभाळायला शिकतात. या देशाच्या उत्तरेला फ्रीसलँड नावाचा प्रांत आहे. त्याची स्वतःची वेगळी भाषा आहे आणि तिथल्या लोकांना ती मोठी प्रिय आहे. अकरा गावांना वळसा घालून जाणारी सुमारे दोनशे किलोमीटरची प्रसिद्ध शर्यत याच प्रांतातली. १९०९ साली ती प्रथम रीतसर भरली. शेवटची भरली १९९७ च्या जानेवारीत. त्यानंतर पुरेसा जाड बर्फ सगळ्या वाटेवर धरलेलाच नाही.

या फ्रीसलँडमधल्या हीरेनवेन गावी २३ एप्रिल १९८६ रोजी स्वेनचा जन्म झाला. वडील येप क्रामर हे स्वतः नामांकित स्केटर. १९८० आणि १९८४ च्या ऑलिंपिकमध्ये ते देशातर्फे उतरले होते. धाकटी बहीण ब्रेख्त हीसुद्धा याच खेळात आली. गावातच थियाल्फ नावाचे बर्फाचे मैदान, आणि योगायोग असा की स्वेन जन्मला त्याच वर्षी या मैदानावर छप्पर आले. मुलाला घरात बाप गुरू आणि दारात मैदान, म्हणजे दुधात साखर. तरीही एवढ्यावरच कोणी जगज्जेता होत नाही, हे समोर बसलेल्या शिक्षकांच्या मुलांना मी वेगळे सांगायला नको.

या खेळाची थोडी माहिती दिल्याशिवाय पुढची गोष्ट कळणार नाही, म्हणून जरा धीर धरा. मैदान लांबट गोल असते, एक फेरी चारशे मीटरची. बुटाखाली दीड फुटाच्या आतबाहेर लांबीचे पोलादी पाते असते आणि त्याची जाडी जेमतेम एक मिलिमीटर. त्यावर माणूस कमरेत वाकून, गुडघे मोडून, ताशी चाळीस-पंचेचाळीस किलोमीटर वेगाने जातो. ज्याला पटत नसेल त्याने घरी गेल्यावर दोन मिनिटे खुर्ची नसताना खुर्चीवर बसल्यासारखे करून पाहावे. मांड्या काय म्हणतात ते कळेल. दहा हजार मीटरच्या शर्यतीत अशा पंचवीस फेऱ्या असतात, आणि क्रामरसारखा खेळाडू प्रत्येक फेरी एकतीस सेकंदांच्या आसपास काढतो, घड्याळ लावल्यासारखी.

एका वेळी दोघेच उतरतात. एक आतल्या पट्ट्यात, एक बाहेरच्या. वळणावर बाहेरचा पट्टा साहजिकच लांब पडतो. म्हणून प्रत्येक फेरीत समोरच्या सरळ भागात दोघांनी आपसांत पट्टे बदलायचे असतात. त्यामुळे शेवटी दोघांचे अंतर अगदी सारखे भरते. जो पट्टा बदलणार नाही तो बाद. आणि जिथे पट्टे बदलतात नेमक्या त्याच जागी कडेला प्रशिक्षक उभा असतो. हातात पाटी, तिच्यावर फेरीची वेळ लिहून तो आपल्या खेळाडूला दाखवतो आणि ओरडून सूचना देतो.

क्रामरचे प्रशिक्षक होते गेरार्ड केमकर्स. हे काही पुस्तकी मास्तर नव्हते. १९८८ च्या कॅलगरी ऑलिंपिकमध्ये पाच हजार मीटरचे कांस्यपदक त्यांनी स्वतः मिळवले होते. त्यांच्या हाताखाली क्रामर भराभर वर चढला. २००६ च्या तुरीन ऑलिंपिकमध्ये तो एकोणीस वर्षांचा होता. पाच हजार मीटरला त्याला रौप्यपदक मिळाले. सांघिक शर्यतीच्या उपांत्य फेरीत मात्र पट्ट्याच्या खुणेच्या ठोकळ्यावर पाय पडून तो कोसळला आणि आपल्या सहकाऱ्यालाही घेऊन गेला. संघाला कांस्यपदकावर समाधान मानावे लागले. पण पुढच्याच वर्षी तो जगज्जेता झाला. या जगज्जेतेपदाला पाचशे, पंधराशे, पाच हजार आणि दहा हजार मीटर अशा चारही शर्यती लागतात आणि चारींचे गुण एकत्र धरतात. गणितात शंभर आणि भाषेत नापास असे तिथे चालत नाही. २००७, २००८ आणि २००९ अशी तीन वर्षे त्याने हे पद सोडले नाही. २००७ च्या मार्चमध्ये त्याने सॉल्ट लेक सिटीला दहा हजार मीटरचा १२ मिनिटे ४१.६९ सेकंदांचा जागतिक विक्रम केला. तो मोडायला २०१५ साल उजाडावे लागले.

असा हा खेळाडू २०१० मध्ये कॅनडातल्या व्हँकुव्हर ऑलिंपिकला गेला. पाच हजार मीटरचे सुवर्णपदक त्याने घेतले. दुसरा आला कोरियाचा ली सुंग-हून. दहा हजार मीटरही क्रामरचीच, असे सगळे धरून चालले होते.

२३ फेब्रुवारी २०१०. लीने आधीच्या एका जोडीत १२ मिनिटे ५८.५५ सेकंद अशी उत्तम वेळ दिली. शेवटच्या जोडीत क्रामर आणि रशियाचा इव्हान स्कोब्रेव्ह. क्रामर ठरल्याप्रमाणे चालला होता, लीच्या वेळेच्या पुढे होता. आठेक फेऱ्या राहिल्या असतील. पट्टा बदलण्याची जागा आली. क्रामर बाहेरच्या पट्ट्याकडे निघाला होता, आणि तेच बरोबर होते. केमकर्स फेरीची वेळ टिपण्यात गुंतले होते. त्यांनी मान वर केली आणि त्यांना वाटले, हा चुकतो आहे. ते ओरडले आणि आतल्या पट्ट्याकडे बोट दाखवले.

विचार करायला वेळ किती? सेकंदभरही नाही. क्रामर वळणाच्या तोंडाशी आला होता, पट्टे वेगळे करणाऱ्या खुणा सुरू झाल्या होत्या. ऐन क्षणी त्याने पाय खुणेवरून आत टाकला. दोघेही खेळाडू एकाच पट्ट्यात आले.

पुढच्या फेऱ्या तो त्याच जोमाने धावला. काहीतरी बिनसले आहे हे केमकर्सना कळले होते, पण आता उपाय नव्हता. क्रामरने रेषा ओलांडली, १२ मिनिटे ५४.५० सेकंद. लीपेक्षा चार सेकंदांनी कमी. त्याने हात उंचावले. मग केमकर्स त्याच्याजवळ आले आणि त्यांनीच त्याला ते सांगितले. क्रामरने चष्मा काढून भिरकावला. सुवर्णपदक लीला मिळाले, रौप्य स्कोब्रेव्हला आणि कांस्य हॉलंडच्याच बॉब द याँगला. स्कोब्रेव्ह आणि द याँग यांनी लीला खांद्यावर उचलून घेतले. हा ली आदल्याच वर्षी दुसऱ्या प्रकारच्या स्केटिंगमधल्या निवडीत नाकारला गेला होता आणि म्हणून या प्रकाराकडे वळला होता. त्याच्या आनंदाला कोणी नावे ठेवू नयेत.

तुमच्यापैकी हिशेबी मुले आता म्हणतील, आतल्या पट्ट्यामुळे त्याचे वाचले किती? एका वळणाचा फरक, दहा-बारा मीटर. त्याच्या वेगाने जेमतेम सेकंदभर. तो तर चार सेकंदांनी पुढे होता, म्हणजे पूर्ण अंतर धावूनही जिंकलाच असता. हिशेब बरोबर आहे. पण मला पंचांचा निर्णयच योग्य वाटतो. बाकीचे सर्व पूर्ण अंतर धावले होते, आणि धावला असता तर काय झाले असते याची नोंद घड्याळ करीत नाही.

माझा खरा प्रश्न वेगळाच आहे. क्रामरला आपली वाट ठाऊक होती. मग त्याने ऐकले का? मी यावर पुष्कळ विचार केला आणि त्याने ऐकले यात मला मूर्खपणा दिसत नाही. सोळा-सतरा फेऱ्या झाल्यावर पायांत आग पेटलेली असते, डोके फक्त पुढचे पाऊल मोजत असते. फेऱ्या आणि पट्टे मोजायला दुसरे कोणी असावे, म्हणून तर प्रशिक्षक. वर्षानुवर्षे त्या आवाजाने त्याला बरोबर वाटेने नेले होते. मात्र पालकांना मला एवढे विचारायचे आहे. दहावीनंतर मुलगी आपल्या पायांनी एका वाटेला लागलेली असते. आपण आपल्या कामातून अचानक मान वर करतो आणि कडेवरून ओरडतो, "तिकडे नको, इकडे!" तीही वळते, कारण आजवर आपण तिला चुकीचे सांगितलेले नसते. अशा वेळी बोट दाखवण्यापूर्वी आपण किती फेऱ्या खरोखर पाहिलेल्या असतात?

आता पुढे काय झाले ते ऐका. केमकर्सनी सबबी सांगितल्या नाहीत. प्रकाश नीट नव्हता, आवाज फार होता, असे काही नाही. चूक माझी आहे, असे त्यांनी त्याच दिवशी साऱ्या जगासमोर कबूल केले. क्रामर आधी संतापला, आणि ते स्वाभाविक होते. तेवीस वर्षांचा मुलगा तो. हॉलंडमध्ये तर दुसरा विषयच नव्हता. या प्रशिक्षकाला आता तो ठेवणार का, हे ज्याच्या त्याच्या तोंडी होते. क्रामरने त्यांना सोडले नाही. चार दिवसांनी सांघिक शर्यतीत तो पुन्हा बर्फावर होता आणि कांस्यपदक घेऊन आला. मार्चमध्ये त्याच्याच गावी, थियाल्फच्या मैदानावर जागतिक स्पर्धा भरली. तिथे तो चौथ्यांदा जगज्जेता झाला, आणि कडेला पाटी घेऊन केमकर्सच उभे होते.

त्यानंतरचे दिवस सोपे नव्हते. मांडीच्या दुखण्याने २०१०-११ चा संपूर्ण हंगाम त्याला बाहेर बसावे लागले. ज्याचे पोट पायांवर चालते त्याला वर्षभर पाय वापरता येऊ नयेत, यातली घालमेल सांगून कळणार नाही. २०१२ मध्ये मॉस्कोला तो परतला आणि पुन्हा जगज्जेता झाला. पुढे २०१३, २०१५, २०१६ आणि २०१७ मिळून ही संख्या नऊवर गेली. आपल्याकडच्या हॉकीप्रेमींसाठी जाता जाता सांगतो, त्याची जोडीदार नाओमी व्हान आस ही २००८ आणि २०१२ ची ऑलिंपिक सुवर्णपदके जिंकणाऱ्या डच महिला हॉकी संघात होती.

२०१४ ला रशियात सोचीचे ऑलिंपिक आले. क्रामर आणि केमकर्स चार वर्षे त्या एका शर्यतीची वाट पाहत होते. पाच हजार मीटरचे सुवर्ण त्याने घेतलेच, सांघिक शर्यतीचेही सुवर्ण घेतले. दहा हजार मीटरला दोघांनी एकही पट्टा चुकवला नाही. पंचवीसच्या पंचवीस फेऱ्या चोख झाल्या, वेळ आली १२ मिनिटे ४९.०२ सेकंद. व्हँकुव्हरपेक्षा पाच सेकंदांहून अधिक सरस. पण त्याच्याच देशाच्या योरित बर्गस्माने १२ मिनिटे ४४.४५ सेकंद दिले होते. या खेपेला कोणाची चूक नव्हती. दुसरा त्या दिवशी अधिक वेगवान होता, इतकेच. त्या हंगामानंतर केमकर्स स्केटिंग सोडून एका फुटबॉल क्लबच्या कामाला गेले आणि क्रामर याक ओरी या दुसऱ्या प्रशिक्षकाकडे गेला. भांडण करून नव्हे, एक काम पुरे झाल्यावर दोन माणसे वेगळी होतात तसे.

२०१८ ला कोरियातल्या प्याँगचांग येथे त्याने पाच हजार मीटरचे सलग तिसरे ऑलिंपिक सुवर्ण जिंकले. त्याच्याआधी कोणाही पुरुष स्केटरने एकच शर्यत अशी लागोपाठ तीनदा जिंकलेली नव्हती. चारच दिवसांनी दहा हजार मीटरला तो सहावा आला.

२०२२ चे बीजिंग हे त्याचे पाचवे आणि शेवटचे ऑलिंपिक. वय पस्तीस, पाठीच्या दुखण्याने बेजार. पाच हजार मीटरला तो नववा आला आणि त्यानंतर निवृत्त झाला. दहा हजार मीटरसाठी त्या वेळी हॉलंडने दुसऱ्या दोघांना उतरवले होते. त्यांतला एक होता योरित बर्गस्मा.