हवाईचा मासा आणि फळांची कोशिंबीर



मासा आणि गोड फळ एकाच पानांत वाढावयाचें म्हटलें, तर आपल्याकडे पुष्कळांच्या कपाळाला आठ्या पडतील. आमसूल आणि चिंच हे माशाचे सोबती आपण पिढ्यान् पिढ्या मानीत आलों आहों. पिकल्या आंब्याची जागा मात्र जेवणांत वेगळी. आज ज्या पदार्थाविषयीं बोलावयाचें आहे, तो हें अंतर खुशाल मोडतो. मॅकडेमिया नांवाच्या कवचफळाचा भरड कूट लावून भाजलेला माहीमाही मासा, आणि त्यावर आंबा, अननस किंवा पपई यांची तिखट-आंबट कोशिंबीर, असा हा हवाई बेटांतला पदार्थ आहे. ह्या कोशिंबिरीला तिकडे साल्सा म्हणतात. स्पॅनिश भाषेंत त्या शब्दाचा अर्थ तोंडीं लावावयाचा रस एवढाच.

पदार्थ हवाईचा खरा, पण त्यांतले बहुतेक जिन्नस बाहेरचे. मॅकडेमियाचें झाड ऑस्ट्रेलियाच्या पूर्व किनाऱ्यावरचें. तें १८८० नंतर लवकरच हवाईंत गेलें. अननस, पपई आणि मिरची अमेरिका खंडांतलीं. आंबा तर आपल्या बाजूचा. मासा तेवढा तेथल्या समुद्राचा. आणि गंमत अशी कीं, मासाच कित्येक वर्षें तेथल्या मोठ्या हॉटेलांत उपरा ठरला होता. बेटाभोंवतीं ताजी मासळी असतांना प्रवाशांच्या ताटांत परमुलुखांतून बर्फांत आलेले मासे पडत. १९९१ सालीं रॉय यामागुची, सॅम चॉय, अ‍ॅलन वाँग प्रभृति बारा बल्लवांनीं एकत्र येऊन, बेटांवरचे शेतकरी आणि कोळी जें देतील त्यावरच स्वयंपाक उभा करण्याचें ठरविलें. आज आपण ज्या पदार्थाचें नांव घेत आहों, तो ह्या वळणाच्या स्वयंपाकाची जणूं ओळखच होऊन बसला आहे.

आपल्याकडे तो करावयाचा तर माहीमाहीचा हट्ट नको. रावस किंवा सुरमई घ्यावी, बोटभर जाडीचे तुकडे करावे. पातळ तुकडी कूट तांबूस होण्यापूर्वींच कोरडी पडते. मॅकडेमियाऐवजीं काजू चालेल. मात्र एक गोष्ट ध्यानांत ठेवावी. मॅकडेमियांत शंभर भागांत सुमारें ७५ भाग तेल असतें, काजूंत त्याहून पुष्कळ कमी. तरी दोन्हीही मिक्सरमधून फार वेळ फिरविलीं कीं त्यांचा लगदा होतो. म्हणून सुरीनें भरड चिरावीं आणि तितकाच पावाचा कोरडा चुरा त्यांत मिसळावा. मासा फडक्यानें अगदीं कोरडा टिपावा, मीठ-मिरीं लावावीं, वरच्या बाजूला मैदा, मग फेंटलेलें अंडें, मग कूट दाबून बसवावा. दोन्ही बाजूंनीं कूट लावण्याचा मोह होतो, पण खालची बाजू वाफेनें मऊ पडते आणि श्रम वायां जातात. तव्यावर मध्यम आंचेवर कुटाची बाजू दोन मिनिटें धरावी, तुकडा उलटावा, आणि २०० अंशांवर तापलेल्या भट्टींत सात-आठ मिनिटें ठेवावा. भट्टी नसल्यास मंद आंचेवर झांकण न ठेवतां शिजवावा. झांकणाची वाफ खमंगपणा घालविते. आंच मोठी केली, तर कवचफळ करपून कडू होईल आणि आंत मासा कच्चाच राहील.

कोशिंबिरीला हापूस घेतल्यास तो पुरता पिकूं देऊं नये. सुरी लावतांच फोड उभी राहील इतकाच पिकलेला असावा. त्यांत बारीक कांदा, हिरवी मिरची, कोथिंबीर, लिंबाचा रस. मीठ अगदीं शेवटीं, नाहींतर फळाला पाणी सुटतें. कच्च्या अननसांत आणि पपईंत मांस विरघळविणारें द्रव्य असतें. त्यांच्या फोडी माशावर आधींच पसरून ठेवल्या, तर मासा पिठूळ होतो.

दोन गोष्टी मात्र चवीच्या नव्हेत, जिवाच्या आहेत. माहीमाही, सुरमई, बांगडा, कुपा असे मासे उन्हांत वा उघड्यावर राहिले, तर त्यांत हिस्टामिन नांवाचें विष तयार होतें. चेहरा लाल होणें, डोकें दुखणें, अंगाला खाज सुटणें हीं त्याचीं लक्षणें. शिजविल्यानें तें नष्ट होत नाहीं, आणि मासा नासका दिसेलच असेंही नाहीं. म्हणून मासा बर्फावरचाच घ्यावा व घरीं आणतांच थंडींत ठेवावा. दुसरी गोष्ट पाहुण्यांची. कवचफळें कित्येकांना बाधतात, आणि ती बाधा क्वचित् प्राणावर बेतते. तांबूस कुटांत काय आहे हें पाहुण्याला पाहून कळणार नाहीं. तेव्हां आमंत्रण देतांनाच विचारावें. ज्यांना चालत नाहीं, त्यांची तुकडी वेगळ्या तव्यावर, रवा लावून करावी.

महाराष्ट्राच्या किनाऱ्यावर १ जूनपासून ३१ जुलैपर्यंत यांत्रिक नौकांची मासेमारी बंद असते. ताजी सुरमई आणि उभ्या फोडीचा आंबा एकत्र मिळावयाचे ते एप्रिल-मे महिन्यांतच. सोबत पांढरा मोकळा भात करावा. आणि कोशिंबीर वाडग्यांत वेगळी ठेवून, पान वाढल्यावरच माशावर घालावी.