खत मातीत पुरा
(जळोचीच्या प्रौढ साक्षरता वर्गापुढे केलेले भाषण)



आमचा सारा जन्म खडू-फळ्यात गेला. आज मात्र आम्ही खताविषयी बोलणार आहोत. याला कारण आहे. शाळेच्या नोकरीत असताना आमच्या हातून एका शेतकऱ्याचे नुकसान झाले. ती गोष्ट आधी सांगतो. मग त्यातून काय शिकायचे ते पाहू.

आपल्या भागात निरेच्या डाव्या कालव्याचे पाणी येते. ते कुठून येते? वर भोर तालुक्यातून. भाटघरचे धरण तिथेच आहे. ते १९२८ साली पुरे झाले. धरणाच्या वरच्या अंगाला डोंगर आहेत. डोंगराच्या उतारावर पायऱ्या-पायऱ्यांची भातखाचरे आहेत. तिथले भात पाटावर नाही, पावसावर पिकते. पाऊस पडला की वरचे खाचर भरते. ते भरले की पाणी बांधावरून खालच्या खाचरात उतरते.

त्या भागात आम्ही शाळेवर होतो. एका शेतकऱ्याच्या पडवीत राहत होतो. माणूस कष्टाळू, पण निरक्षर. १९८६ च्या पावसाळ्यात त्याने उधारीवर युरियाची एक गोणी आणली. आम्हांला म्हणाला, "गुर्जी, यावर काय लिवलंय ते वाचा." आम्ही वाचले. वर मोठ्या ऐटीत सांगितले, "आवणी झाली आहे ना? मग टाका फेकून. पीक हिरवेगार होईल."

आवणी म्हणजे भाताची लावणी. त्या वेळी खाचरे पाण्याने भरलेली होती. त्याने संध्याकाळी घमेले घेऊन खत फेकले. रात्री आषाढाचा पाऊस कोसळला. सकाळी पाहतो तर बांधावरून पाणी धो धो वाहत होते. आठ-दहा दिवस गेले. त्याचे भात पिवळेच राहिले. खालच्या खाचरात शेजाऱ्याचे भात मात्र काळेभोर झाले!

उधारी तर फेडायची होती. त्याने दोन शेळ्या विकल्या. आम्हांला मान वर करवेना. पण तो एका शब्दाने रागावला नाही. एवढेच म्हणाला, "गुर्जी, तुमी वाचलं ते खरंच आसंल. पन पाऊस वाचायचा ऱ्हायला."

मंडळी, हे वाक्य आम्ही विसरलो नाही. पुढे आम्ही चौकशी केली, वाचले, जाणत्यांना विचारले. तेव्हा कळले की युरिया पाण्यात साखरेसारखा विरघळतो. भरल्या खाचरात तो फेकला तर काही भाग पाण्याबरोबर वाहून जातो. काही भाग वायू होऊन हवेत उडतो. शंभर भागांतले तीस-चाळीस भागच पिकाच्या तोंडी लागतात. बाकीचे पैसे वाऱ्यावर आणि पाण्यावर!

मग यावर उपाय काय? डॉ. नारायण सावंत नावाच्या कृषिशास्त्रज्ञांनी तो दाखवला. त्यांच्या पद्धतीला चारसूत्री भातशेती म्हणतात. चार सूत्रे म्हणजे चार गोष्टी. त्या सोप्या आहेत.

पहिली गोष्ट. भाताचे भाताला परत द्या. दाणा आपण खातो. पण पेंढा आणि तूस यांतही जमिनीचे सत्त्व असते. पहिल्या नांगरटीला गुंठ्यामागे २० किलो पेंढा मातीत गाडावा. तुसाची काळी राख रोपाच्या वाफ्यात मिसळावी. दर चौरस मीटरला अर्धा ते एक किलो राख पुरते. त्याने रोप ताठ आणि कणखर होते.

दुसरी गोष्ट. हिरवा पाला द्या. बांधावर गिरीपुष्पाची झाडे लावावी. त्यांचा कोवळा पाला चिखलणीच्या आधी आठवडाभर खाचरात पसरावा. गुंठ्याला ३० किलो घालावा. तो लवकर कुजतो. झाड आपल्याच बांधावरचे. दुकानात जायला नको, उधारी नको.

तिसरी गोष्ट. लावणी मोजून करा. दोऱ्या धरून १५ आणि २५ सेंटिमीटर अशा आलटून पालटून अंतराने रोपे लावावी. मग चार-चार चुडांचे चौकोन तयार होतात.

चौथी गोष्ट सगळ्यांत महत्त्वाची. खताची गोळी चिखलात खोचा. युरियाचे ६० भाग आणि डीएपीचे ४० भाग मिसळून यंत्रात दाबतात. त्याची पावणेतीन ग्रॅमच्या आतबाहेर वजनाची गोळी होते. लावणीच्या दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी चार चुडांच्या मधोमध एक गोळी हाताने खोल खोचायची. किती खोल? ७ ते १० सेंटिमीटर. चार बोटे आडवी धरली की तेवढे होते. गुंठ्याला सुमारे ६२५ गोळ्या लागतात. त्यांचे वजन पावणेदोन किलोसुद्धा भरत नाही.

खोल चिखलात हवा नसते. खताचा अंश मातीला चिकटून राहतो. मुळे तिथे पोचतात आणि हळूहळू खातात. वरून पाणी वाहिले तरी खत जागेवर राहते. काम वेळखाऊ आहे, कंबर मोडते, हे खरे. पण खत कमी लागते आणि ते आपल्याच भाताला मिळते.

काही वर्षांनी आम्ही त्या गावी पुन्हा गेलो. आमच्या त्या शेतकऱ्याची सून गोळ्या खोचत होती. तो बांधावर बसून मोजत होता. आम्हांला पाहून हसला. आमच्या मनावरचे ओझे थोडे उतरले.

आता तुम्ही म्हणाल, "गुरुजी, जळोचीला भात कुठे आहे? हे आम्हांला कशाला?" प्रश्न बरोबर आहे. आपल्याकडे पाऊस थोडा. पाटाखाली नाही अशा रानात आपण बाजरी पेरतो, रब्बीला ज्वारी पेरतो. ती गोळी आपल्या रानासाठी नाही. पण तिच्यामागचा धडा आपल्यालाही लागू आहे. खत उघड्यावर टाकू नका, ओल्या मातीत पुरा.

भोरात खत पाणी नेते. आपल्याकडे ऊन आणि वारा नेतात. कोरड्या रानावर फेकलेला युरिया मुळापर्यंत जातच नाही. आपल्या चुनखडीच्या काळ्या जमिनीत तर त्याचा वायू होऊन उडतो. म्हणून दोन चाड्यांची पाभर वापरा. एका चाड्यातून बी, दुसऱ्यातून खत. पेरतानाच खत ओलीत पडते. मागाहून फेकायला नको.

आणखी एक सांगतो. आता तुम्हांला अक्षरे आणि आकडे येतात. दुकानात गेलात की गोणीवरचे आकडे स्वतः वाचा. युरियाच्या गोणीवर ४६ असते. म्हणजे शंभर किलोंत ४६ किलो नत्र. आता ही गोणी ४५ किलोंची येते. तिच्यात नत्र भरते सुमारे २१ किलो. डीएपीच्या गोणीवर १८-४६ असते. पहिला आकडा नत्राचा, दुसरा स्फुरदाचा. ४६ दोन्हीकडे आहे. पण एकीकडे तो नत्राचा आणि दुसरीकडे स्फुरदाचा! नुसता आकडा पाहून गोणी उचलली तर फसगत होते.

२०१५ सालापासून सरकार मातीची तपासणी करून जमिनीची आरोग्य पत्रिका देते. पुष्कळांच्या घरी ती आढ्याला खोचून ठेवलेली असेल. आज घरी गेल्यावर ती काढा. दिव्याखाली बसून वाचा. अडलेला शब्द उद्या वर्गात घेऊन या. आपण मिळून वाचू.

आम्ही एकदा गोणी वाचली, पण पाऊस वाचला नाही. तुम्ही गोणी वाचा, माती वाचा आणि आभाळही वाचा. एवढेच सांगणे. राम राम.