याचिका मागे घेताना हक्क राखावा



शासनाच्या एखाद्या आदेशाने अन्याय झाला, म्हणजे संस्था उच्च न्यायालयात रिट याचिका दाखल करते. पुढे प्रसंग पालटतो. शासन फेरविचाराची तयारी दाखविते, महत्त्वाचा कागद जोडावयाचा राहिल्याचे ध्यानी येते, किंवा आधी अपील करावयास हवे होते, असे न्यायमूर्ती सुचवितात. अशा वेळी याचिका मागे घेणे हा पराभव नव्हे. मात्र ती कोणत्या शब्दांत मागे घेतली, यावर पुढील हक्क अवलंबून असतो.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या २३ व्या आदेशातील पहिल्या नियमानुसार वादीस दावा सोडून देता येतो. परंतु त्याच कारणावरून नवा दावा आणावयाचा असल्यास न्यायालयाची परवानगी घ्यावी लागते. औपचारिक दोष वा अन्य पुरेसे कारण असेल, तरच ती मिळते. हा नियम दाव्यांपुरता आहे. मग याचिकेचे काय?

या प्रश्नाचे उत्तर सर्वोच्च न्यायालयाने १९८६ साली सरगुजा ट्रान्सपोर्ट सर्व्हिस प्रकरणात दिले. मध्य प्रदेश उच्च न्यायालयातील वाहतूक परवान्याविषयीची याचिका नव्या याचिकेची मुभा न मागता मागे घेण्यात आली होती. पुढे त्याच विषयावर दुसरी याचिका आली, ती फेटाळली गेली आणि सर्वोच्च न्यायालयानेही तो निर्णय कायम ठेवला. सोयीचे न्यायपीठ शोधत पक्षकारांनी फिरू नये, हे लोकहिताचे सूत्र त्यामागे होते.

तथापि सर्वच दारे बंद होत नाहीत. कायद्याने उपलब्ध असलेला दिवाणी दावा किंवा अनुच्छेद ३२ खालील याचिका यांना त्या निर्णयाने बाध आणला नाही. व्यक्तिस्वातंत्र्याची प्रकरणेही निराळी ठेवली. त्यापूर्वी १९६१ साली दर्याव प्रकरणात न्यायमूर्ती गजेंद्रगडकर यांनी स्पष्ट केले होते की, मागे घेतलेल्या याचिकेत गुणदोषांवर निर्णय झालेला नसल्याने ती अनुच्छेद ३२ च्या आड येत नाही.

म्हणून विश्वस्तांनी ठरावातच स्पष्ट लिहावे: ‘त्याच कारणावरून नव्याने दाद मागण्याची मुभा राखून याचिका मागे घ्यावी.’ शासनाने आश्वासन दिले असेल, तर ते आदेशात नोंदवून घ्यावे. याचिकेबरोबर अंतरिम स्थगितीही संपते. ती काही आठवडे चालू ठेवण्याची विनंती त्याच वेळी करावी. प्रमाणित प्रत हाती येताच वाचावी आणि मागितलेली मुभा नोंदवावयाची राहिली असल्यास विनाविलंब त्याच न्यायपीठाकडे अर्ज करावा.

मुभा मिळाली तरी मुदतीचे घड्याळ थांबत नाही. चुकीच्या न्यायालयात सद्‌हेतूने व तत्परतेने घालविलेला काळ १९६३ च्या मुदत अधिनियमाच्या कलम १४ खाली वगळता येतो. पण त्या अटी सिद्ध कराव्या लागतात. शिवाय शासनाविरुद्ध दावा आणण्यापूर्वी संहितेच्या कलम ८० प्रमाणे सामान्यतः दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते. हा हिशेब याचिका मागे घेण्याच्या आधीच मांडणाऱ्या संस्थेचा न्याय्य दावा केवळ तारखेपायी बुडत नाही.