लिबेर्ताद : एका नावाची हकिकत

(गटाच्या अभ्यासवर्गात केलेल्या भाषणाचा संपादित भाग)



'बाईचं नाव' या विषयावर बोलायला तुम्ही मला सांगितलंत. मी स्पॅनिश भाषा शिकवते. त्यामुळे त्या भाषेतल्या एकाच नावाची हकिकत सांगायचं मी ठरवलं आहे. ते नाव आहे लिबेर्ताद. हे मुलीचं नाव आहे आणि त्याचा अर्थ अगदी सरळ आहे : स्वातंत्र्य. ते कोणी ठेवलं आणि कोणी पुसलं, हे पाहिलं की बाईच्या नावावर हक्क कोणाचा, हा आपला जुनाच प्रश्न समोर येतो.

आधी या नावाच्या शेजारपाजारची नावं पाहू. स्पेन हा कॅथलिक परंपरेचा देश. तिथे मुलींना शतकानुशतकं येशूच्या आईची, मेरीची नावं ठेवली गेली. आपल्याकडे जशी देवीची अनेक रूपं आणि अनेक नावं, तशीच तिथे मेरीची. दोलोरेस म्हणजे वेदना. सोलेदाद म्हणजे एकटेपण. आंगुस्तिआस म्हणजे यातना. कोन्सुएलो म्हणजे सांत्वन, रेमेदिओस म्हणजे उपाय, आम्पारो म्हणजे आसरा. मोटारीमुळे आपल्या कानावरून गेलेलं मर्सिडीज हे नावही मेरीच्याच कृपाळू रूपाचं. ती मोटारसुद्धा एका मुलीच्या नावावरून ओळखली जाऊ लागली.

घरात हाक मारताना दोलोरेसची लोला होते, कोन्सुएलोची चेलो होते, आणि अर्थ कोणाच्या ध्यानात राहत नाही. पण ही नावं एका ओळीत ठेवून वाचा. वेदना, एकटेपण, यातना, सांत्वन, आसरा. स्वतः सोसायचं आणि दुसऱ्याला धीर द्यायचा! बाईकडून काय अपेक्षा आहे, ते पाळण्यातच सांगून टाकलेलं आहे.

या यादीत लिबेर्ताद बसत नाही. शब्द जुना आहे. लॅटिनमधल्या 'लिबेर्तास'वरून तो आला. प्राचीन रोममध्ये लिबेर्तास म्हणजे गुलाम नसण्याची स्थिती. तिची देवी कल्पिलेली होती आणि रोममध्ये तिचं देऊळही होतं. गुलामाला मुक्त केलं की त्याच्या डोक्यावर एक विशिष्ट टोपी चढवत, तीच टोपी या देवीच्या हाती दाखवत. स्पॅनिशमध्ये हा शब्द स्त्रीलिंगी आहे, म्हणून नाव मुलीचं.

पण मुलींची नावं म्हणून त्याची खरी चलती झाली ती एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून, अराज्यवादी चळवळीत. राजसत्ता, धर्मसत्ता आणि भांडवल या तिन्हींचं जोखड नाकारणाऱ्या कामगारांची आणि शेतमजुरांची ही चळवळ. यातले अनेक जण मुलांचा बाप्तिस्मा करत नसत. मग संतांची नावं कशाला? मुलगा झाला तर 'जेर्मिनाल', म्हणजे अंकुरण्याचा महिना. हे फ्रेंच राज्यक्रांतीच्या दिनदर्शिकेतलं नाव. मुलगी झाली तर 'आउरोरा', म्हणजे पहाट, किंवा लिबेर्ताद. अराज्यवादी नेत्या फेदेरिका मोन्तसेनी १९३६ मध्ये स्पेनच्या पहिल्या स्त्री-मंत्री झाल्या. त्यांनी आपल्या मुलीचं नाव ठेवलं होतं 'विदा', म्हणजे जीवन. समुद्रापलीकडे अर्जेंटिनातही ही लाट होती. पुढे गायिका आणि अभिनेत्री म्हणून गाजलेली लिबेर्ताद लामार्के १९०८ मध्ये तिथेच जन्मली. तिचे वडील अराज्यवादी पत्राकारागीर होते.

आता आपला प्रश्न विचारू. मुलीचं नाव स्वातंत्र्य ठेवणाऱ्या घरात बाई स्वतंत्र होती का? चळवळीतल्या बायकांनीच याचं उत्तर दिलं आहे. सभेत समतेवर बोलणारे सोबती घरात मालकासारखे वागतात, संघटनेच्या बैठकीत बाईचं बोलणं हसण्यावारी नेतात, हा त्यांचा अनुभव होता. म्हणून १९३६ मध्ये लुसिया सान्चेस साओर्निल, मेर्सेदेस कोमापोसादा आणि आम्पारो पोच या तिघींनी 'मुखेरेस लिब्रेस', म्हणजे 'स्वतंत्र स्त्रिया', ही वेगळी संघटना उभी केली. साक्षरतेचे वर्ग, कामाचं प्रशिक्षण, आरोग्याची माहिती अशी कामं तिने यादवी युद्धाच्या धामधुमीत चालवली. तिघींची नावं पुन्हा ऐका. दोघींची नावं मेरीची, तिसरीचं एका संत स्त्रीचं. एकीचंही नाव लिबेर्ताद नाही!

नाव ठेवल्याने स्वातंत्र्य येत नाही, हे खरं. मग नावाला महत्त्व नाही का? ते किती आहे, हे आपल्याला फ्रॅन्कोच्या हुकूमशाहीने दाखवून दिलं. यादवी युद्ध चालू असतानाच, मे १९३८ मध्ये, त्या राजवटीने नावांविषयी फर्मान काढलं. अमूर्त कल्पनांची आणि विशिष्ट विचार सुचवणारी नावं नोंदवायला बंदी. कॅथलिकांनी संतांच्या यादीतलंच नाव ठेवायचं. नाव अधिकृत स्पॅनिशमध्येच हवं. बास्क भाषेत दोलोरेसला नेकाने म्हणतात. अर्थ तोच, तरी नेकाने चालणार नाही. फेब्रुवारी १९३९ च्या फर्मानाने तर आधी नोंदलेली अशी नावंही रद्द केली. पालकांनी ठरावीक मुदतीत नवं नाव द्यायचं, नाहीतर नोंदणी कार्यालय स्वतःच एखाद्या संताचं नाव लावून मोकळं होणार.

अशा रीतीने कितीतरी लिबेर्ताद कागदावर मारिया झाल्या. घरात, दार लावून, जुन्या नावाने हाक मारली जायची. बाहेर दुसरं नाव. मुलीला लहानपणीच शिकावं लागलं की आपलं खरं नाव मोठ्याने सांगायचं नाही.

याच राजवटीने १९३२ चा घटस्फोटाचा कायदा रद्द केला. नोकरी करायला, बँकेत खातं उघडायला विवाहित बाईला नवऱ्याची परवानगी लागे. ती अट गेली १९७५ मध्ये. नावांवरचे निर्बंध सैल झाले १९७७ मध्ये. घटस्फोटाचा हक्क परत मिळाला १९८१ मध्ये. या तारखा मी मुद्दाम एका दमात सांगते आहे. नावावरचा ताबा आणि बाईवरचा ताबा एकाच हातांत होता आणि तो सुटायला सारखीच वर्षं लागली.

दरम्यान अर्जेंटिनात या नावाला एक गोड अवतार मिळाला. व्यंगचित्रकार कीनो यांच्या 'माफाल्दा' या चित्रमालिकेत १९७० मध्ये लिबेर्ताद नावाची मुलगी आली. आकाराने इतकी चिमुकली की जो तो तिच्या उंचीवरच बोलतो. देशात तेव्हा लष्करी राजवट होती. वाचकांना वेगळं समजावून सांगायची गरज नव्हती.

एक गोष्ट मात्र स्पॅनिश बाईकडे होती, जी आपल्याकडे नाही. लग्नानंतर तिचं नाव कायद्याने बदलत नाही. तिची दोन आडनावं असतात, एक वडिलांकडचं, एक आईकडचं, आणि ती मरेपर्यंत तिचीच राहतात. यातही वडिलांचं आडनाव आधी, हा नियम होता. १९९९ च्या कायद्याने आईचं आधी लावायची मुभा दिली. २०१७ पासून क्रम आईवडिलांनी मिळून ठरवायचा असतो, वडिलांचं आपोआप पुढे येत नाही.

आपल्याकडे फर्मानाची गरजच पडली नाही. ताटात तांदूळ पसरून नवरा अंगठीने नवं नाव लिहितो, सगळे कौतुकाने पाहतात आणि बाईचं माहेरचं नाव संपतं. साताऱ्यात २०११ मध्ये 'नकोशी' नावाच्या शेकडो मुलींना नवी नावं दिली गेली. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात आईचं नाव लावणं महाराष्ट्रात बंधनकारक झालं. या पावलांचं स्वागत करू. पण नोंदवहीत नाव लागलं म्हणजे घरात शब्दाला किंमत आली, असं समजू नये. 'मुखेरेस लिब्रेस'च्या बायकांना ते कळलं होतं.

म्हणून एक काम सुचवते. आपापल्या वस्तीत, गावात, सत्तरीपुढच्या बायकांना त्यांचं माहेरचं नाव विचारा. ते कोणी ठेवलं, कोणी बदललं, बदलताना त्यांना कोणी विचारलं होतं का, आणि आज त्या नावाने हाक मारणारं कोण उरलं आहे, हे लिहून आणा. पुढच्या बैठकीत आपण ती नावं मोठ्याने वाचू.